घरातला कॅमेरा : प्रस्तावना

दादासाहेब फाळके १९१२ साली लंडनहून कॅमेरा घेऊन परतले. कथाचित्र काढायचं मनात पक्कं होतं, पण भांडवल नव्हतं. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा तिच्यासमोर रोवला आणि महिन्याहून अधिक काळ रोज एक चौकट टिपत रोपाची वाढ चित्रित केली. पडद्यावर बघता बघता अंकुर वर आला, वेल चढली, आणि ते पाहून पैसे घालणारा माणूसही मिळाला. ही हकिगत सांगताना आपण भांडवलापाशी थांबतो, कारण ‘राजा हरिश्चंद्र’ त्यातून उभा राहिला. मला ती कुंडी अधिक मोलाची वाटते. तिथे नट नाहीत, कथा नाही. राहत्या घरात, रोजच्या उजेडात, एक गोष्ट घडत आहे आणि एक माणूस तिच्याजवळ रोज जाऊन बसतो आहे. त्याआधी हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी १८९९ मध्ये मुंबईत हँगिंग गार्डनवर कुस्ती टिपली होती आणि १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हाचं स्वागतही टिपलं होतं. समोर घडतं ते जवळ जाऊन पाहायचं आणि ठेवून द्यायचं, ही मराठी माणसाच्या हातची कॅमेऱ्याची पहिली कामं आहेत. कथाचित्रांच्या झगमगाटात ती मागे पडली.

या पुस्तिकेतली टिपणं त्याच धाग्याशी जोडलेली आहेत. टिटवाळ्यात आणि आसपास, मांडा, मोहोने, आंबिवली या भागात राहणारी आम्ही काही मंडळी अधूनमधून कुणाच्या तरी घरी जमतो आणि एखादा माहितीपट पाहतो. पाहून झाल्यावर जो तो आपापलं टिपण लिहितो. त्यातली निवडक टिपणं इथे एकत्र आली आहेत. निवडताना एक सूत्र धरलं : ज्या चित्रपटांत कॅमेरा धरणारा माणूस समोरच्या आयुष्यात स्वतः गुंतलेला आहे आणि तरीही उतावीळ न होता पाहतो आहे, तेवढेच घ्यायचे. अभ्यासक यातल्या एका गुणाला निरीक्षणात्मक शैली म्हणतात, दुसऱ्याला व्यक्तिगत शैली. पाठ्यपुस्तकात त्यांचे दोन कप्पे असतात. आम्ही जे चित्रपट पाहिले त्यांत हे कप्पे टिकत नाहीत, आणि माझं म्हणणं असं की चांगल्या कामात ते टिकूच नयेत.

आपल्यापैकी पन्नाशी ओलांडलेल्यांना माहितीपट म्हटलं की फिल्म्स डिव्हिजन आठवतं. १९४८ मध्ये स्थापन झालेली ही सरकारी संस्था. थिएटरात मुख्य चित्रपटाआधी तिचा वृत्तपट किंवा लघुपट दाखवणं बंधनकारक होतं. धरण, पोलाद कारखाना, सुधारित बियाणं, आणि त्यावर भारदस्त आवाजातलं निवेदन. त्या निवेदनावर आज कुणीही टीका करतो, पण त्यामागे यंत्रांचंही कारण होतं. त्या काळचा कॅमेरा अवजड. चित्रासोबत तिथल्या तिथे आवाज नोंदवायचा तर सरंजाम एवढा लागायचा की शेताच्या बांधावर किंवा झोपडीत तो नेणं अवघड. मग चित्र मुकं घ्यायचं आणि आवाज नंतर स्टुडिओत चढवायचा. म्हणून पडद्यावरचा शेतकरी ओठ हलवायचा आणि बोलायचा तो निवेदक. १९६० च्या आसपास खांद्यावर पेलणारा १६ मिलिमीटरचा कॅमेरा आणि त्याच्याशी मेळ राखणारं हलकं ध्वनिमुद्रण यंत्र आलं आणि जगभर माहितीपटाची चाल बदलली. अमेरिकेत रॉबर्ट ड्र्यू आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९६० मध्ये ‘प्रायमरी’ केला, फ्रान्समध्ये जाँ रूश आणि एडगर मोरँ यांनी १९६१ मध्ये ‘एका उन्हाळ्याचा वृत्तांत’. ड्र्यूच्या मंडळींचा आग्रह, आपण मध्ये पडायचं नाही. रूशचा आग्रह नेमका उलटा : आपण मध्ये आहोतच, तर ते दिसू द्यायचं. आपल्याकडेही फिल्म्स डिव्हिजनच्याच आवारात एस. सुखदेव, एस. एन. एस. शास्त्री, प्रमोद पती यांनी साठच्या दशकात चाकोरी मोडली. शास्त्रींच्या ‘आय अॅम ट्वेंटी’मध्ये १९६७ साली विशीत पोचलेली, म्हणजे स्वातंत्र्याच्या वयाची, मुलं स्वतःच्या तोंडाने बोलतात. निवेदक गप्प बसला की काय ऐकू येतं, याचा तो धडा आहे.

आता लिथुआनियाकडे वळतो. टिटवाळ्याच्या वाचकाने तीसेक लाख वस्तीच्या या देशाची दखल का घ्यावी, हा प्रश्न आमच्या बैठकीतही निघाला होता. उत्तर चित्रपटांनीच दिलं. योनास मेकास हा तिथल्या सेमेनिश्केई या खेड्यात १९२२ मध्ये जन्मलेला कवी. दुसऱ्या महायुद्धात, १९४४ मध्ये, त्याला भावासह घर सोडावं लागलं. जर्मनीतली श्रमछावणी, मग निर्वासितांच्या छावण्या, आणि १९४९ मध्ये न्यूयॉर्क. तिथे पोचल्यावर थोड्याच काळात उसन्या पैशांनी त्याने बोलेक्स कॅमेरा घेतला. चावी देऊन चालणारा हा कॅमेरा एका चावीत अर्धा मिनिटही सलग धावत नाही. मेकासने ती अडचण हीच आपली शैली केली. रस्ता, मित्रांची लग्नं, बर्फ, जेवणाचं टेबल, सगळं तुकड्या-तुकड्यांनी, वहीत रोजनिशी लिहावी तसं. १९७१ मध्ये, पाव शतकाहून अधिक काळानंतर, तो गावी गेला आणि पुढच्या वर्षी ‘लिथुआनियाच्या प्रवासाच्या आठवणी’ हा चित्रपट पुरा झाला. त्यात म्हातारी आई अंगणात चुलीपाशी स्वयंपाक करते आहे. युद्ध, सोव्हिएत सत्ता, निर्वासितपण हे सगळं त्या चुलीभोवती आहे, पण कॅमेरा पाहतो तो आईचे हात. कोकणातून, घाटावरून मुंबईत आलेल्या आणि तिथून हळूहळू कल्याणपलीकडे सरकलेल्या घरांतल्या माणसांना हा चित्रपट समजावून सांगावा लागला नाही.

त्याच देशाचा आरूनास मातेलिस. त्याच्या मुलीला रक्ताचा कर्करोग झाला होता. व्हिल्नियसच्या बालरुग्णालयात तिच्यावर उपचार झाले. नंतर तो कॅमेरा घेऊन त्याच वॉर्डात परतला आणि तिथल्या मुलांवर ‘पृथ्वीवर परतण्याआधी’ हा चित्रपट २००५ मध्ये केला. मुलं खेळतात, कंटाळतात, एकमेकांची थट्टा करतात. रडवण्यासाठी लावलेलं दृश्य नाही. आजारी मुलाच्या बापाला त्या खोलीत काय विचारू नये हे ठाऊक असतं, आणि ते ठाऊक असणं प्रत्येक चौकटीत उतरलं आहे. तिसरा मानतास क्वेदारावीचियस, मुळात मानववंशशास्त्राचा अभ्यासक. युक्रेनमधल्या मारियुपोलवर त्याने २०१६ मध्ये एक चित्रपट केला होता. २०२२ मध्ये रशियाने शहराला वेढा घातला तेव्हा तो पुन्हा तिथल्या लोकांकडे गेला आणि एप्रिलच्या सुरुवातीला मारला गेला. त्याने केलेलं चित्रण त्याच्या जोडीदारणीने बाहेर आणलं आणि ‘मारियुपोलिस २’ त्याच वर्षी मे महिन्यात कान महोत्सवात दाखवला गेला. त्यात आसऱ्याला आलेली माणसं अंगण झाडतात, सूप शिजवतात. तोफांचे आवाज लांबून येत राहतात.

लिथुआनियाचं हे एवढं पुरे, कारण आमच्या चर्चेचा खरा गाभा आनंद पटवर्धन यांच्या कामात आहे. त्यांची ओळख राजकीय चित्रपटकार अशी आहे आणि ती योग्यच आहे. ‘राम के नाम’, ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’, ‘जंग और अमन’ आणि दूरदर्शन व परीक्षण मंडळाशी कोर्टात दिलेले लढे, हे सर्वज्ञात आहे. मात्र त्यांची पद्धत काय, याकडे आपल्याकडे कमी पाहिलं गेलं. ‘हमारा शहर’ (१९८५) मध्ये मुंबईतल्या पदपथांवरच्या आणि झोपडपट्ट्यांतल्या माणसांची घरं पाडली जातात. त्या चित्रपटात शाहीर विलास घोगरे यांचं गाणं आहे. बारा वर्षांनी, ११ जुलै १९९७ रोजी, घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात दहाजण मारले गेले. त्यानंतर काही दिवसांतच घोगरे यांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत जीवन संपवलं. पटवर्धनांनी तिथून चित्रणाला सुरुवात केली आणि ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला तो २०११ मध्ये. चौदा वर्षं. तीन तासांहून मोठा हा चित्रपट बहुतांशी मराठीत आहे, कारण त्यातली माणसं मराठीत गातात आणि मराठीत भांडतात.

चौदा वर्षांचा आकडा चिकाटीचं उदाहरण म्हणून सांगितला जातो. मला त्यात दुसरं काही दिसतं. घोगरे हे पटवर्धनांना बातमीतून भेटले नव्हते. आधीच्या कामातून ओळख होती, त्यांचा आवाज पटवर्धनांच्या फितीवर होता. मित्र गेल्यावर त्याच्या वस्तीत जाणारा माणूस आणि घटना घडल्यावर तिथे पोचणारा वार्ताहर यांना लोक वेगळं उत्तर देतात. चित्रपट पाहताना हे जाणवतं. बाया कॅमेऱ्याकडे न पाहता बोलतात, मधेच उठून कामाला लागतात, कुणी कॅमेऱ्यामागच्या माणसालाच प्रश्न विचारतं. निरीक्षण म्हणून आपण ज्याचं कौतुक करतो ते इथे ओळखीच्या पोटी आलेलं आहे. केवळ गुपचूप पाहत राहणं सोपं असतं. पोलीस चौकीवरचा कॅमेराही तेच करतो. ज्याला पाहायचं त्याने आपल्यालाही पाहिलेलं असणं, ही या शैलीची अट आहे, आणि त्यासाठी जो काळ लागतो तो वाचवता येत नाही.

मग २०२३ मध्ये आला ‘वसुधैव कुटुंबकम’. टोरांटो महोत्सवात तो प्रथम दाखवला गेला. इथे पटवर्धनांनी कॅमेरा स्वतःच्या आईवडिलांकडे वळवला आहे. किंवा असं म्हणणं बरोबर की तो कितीतरी वर्षं वळलेलाच होता, चित्रपट करायचं नंतर सुचलं. दोघांच्या उतारवयात मुलाने घरगुती म्हणून टिपलेलं, गप्पा मारता मारता जमलेलं हे चित्रण आहे. आई निर्मला पटवर्धन या सिंधमधून आलेल्या, शांतिनिकेतनमध्ये शिकलेल्या आणि भारतातल्या नामवंत कुंभकलाकार. मातीकामावर त्यांनी लिहिलेलं पुस्तक त्या क्षेत्रात वापरलं जातं. वडील वासुदेव, घरचे बाळू, हे अहमदनगरच्या (आताच्या अहिल्यानगरच्या) पटवर्धन भावंडांपैकी. थोरले रावसाहेब गांधीवादी, स्वातंत्र्यलढ्यात तुरुंगात गेलेले. अच्युतराव हे १९३४ साली काँग्रेस समाजवादी पक्ष उभा करणाऱ्यांपैकी एक, १९४२ मध्ये भूमिगत राहून चळवळ चालवणारे, आणि स्वातंत्र्यानंतर काही वर्षांतच राजकारणापासून दूर झालेले.

इतिहासाच्या पुस्तकात ही नावं धड्यांमध्ये येतात. इथे ती येतात जेवणानंतरच्या गप्पांत. वडील विनोद करतात, आई त्यांना दुरुस्त करते, एखादी तारीख विसरली जाते, खोकला मध्ये येतो. फाळणी, गांधीजी, तुरुंग, हे सगळं आपापल्या माणसांच्या नात्यांतून कळत जातं. चित्रपटाचा मोठेपणा माझ्या मते इथे आहे : राष्ट्र ही गोष्ट कुणाच्या घरात कशी शिरली आणि कुणाला काय मोजावं लागलं, हे त्यात भाषण न देता दिसतं. आणि एवढी वर्षं रस्त्यावर, मोर्चात, कोर्टात कॅमेरा नेणाऱ्या माणसाचा स्वर आईवडिलांसमोर मऊ होतो, तेव्हा आधीच्या चित्रपटांतला त्याचा राग कुठून येत होता हेही समजतं. घर जसं होतं तसा देश असावा, असं त्याला वाटत आलं होतं.

या चित्रपटावर आमच्यात मतभेद झाले, आणि ते दोन्ही बाजूंनी पुस्तिकेत आहेत. एका टिपणाचं म्हणणं असं की ज्यांच्या घरात स्वातंत्र्यसैनिक आणि कलावंत होते त्यांची घरगुती फीत इतिहास ठरते, ज्यांच्या घरात गिरणी कामगार होते त्यांची अडगळीत जाते. ही हरकत खरी आहे आणि तिला उत्तर चित्रपटकाराने द्यायचं नसून आपण द्यायचं आहे.

याच हरकतीच्या कडेने जाणारा चित्रपट म्हणजे निष्ठा जैन यांचा ‘लक्ष्मी अँड मी’ (२००७). मुंबईत आपल्याच घरी धुणंभांडी करायला येणाऱ्या तरुण मुलीवर त्यांनी तो केला. ती किती घरी काम करते, कुठे राहते, तिचं स्वतःचं आयुष्य काय, हे पाहता पाहता दिग्दर्शिका स्वतःच चौकटीत येते. मालकीण चित्रण करत असताना मोलकरणीने नकार द्यायचा कसा? हा प्रश्न चित्रपट लपवत नाही. तो पुरता सुटतही नाही. मला हा प्रामाणिकपणा फार मोठा वाटतो, कारण आपल्या मध्यमवर्गीय घरांत लक्ष्मी रोज येते आणि तिच्याकडे कुणी पाहत नाही. सुमित्रा भावे यांनी १९८५ मध्ये ‘बाई’ केला तोही अशाच जागेतून. वस्तीतल्या बायकांचा अभ्यास करताना त्यांना वाटलं की या बायकांचं जगणं अहवालात मावत नाही, आणि त्या कॅमेऱ्याकडे वळल्या. त्यांचं सारं पुढचं काम त्या वळणावरून सुरू झालं.

ठाण्याच्या वाचकाने न चुकवावा असा चित्रपट ‘साचा’ (२००१). अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर या टाटा सामाजिक विज्ञान संस्थेतल्या दोघा प्राध्यापकांनी तो केला. त्यात कवी नारायण सुर्वे आहेत आणि चित्रकार सुधीर पटवर्धन, आणि दोघांच्या मधोमध गिरणगाव. सुधीर पटवर्धन पेशाने क्ष-किरणतज्ज्ञ. १९७५ पासून तीस वर्षं त्यांनी ठाण्यात हे काम केलं आणि सोबत चित्रं काढली. दिवसा माणसांची हाडं पाहायची आणि बाकीच्या वेळात तीच माणसं पुलावर, इराण्याकडे, पोखरण रोडवर, उल्हासनगरात उभी असलेली रंगवायची. माहितीपटाविषयी लिहिताना चित्रकाराचं उदाहरण देतो, कारण कॅमेऱ्याशिवायही हीच शिस्त असू शकते हे त्यांच्या चित्रांत दिसतं : त्याच गावात राहा, तीच माणसं वर्षानुवर्षं पाहा, त्यांना नायक करू नका आणि बिचारेही करू नका. सुर्व्यांवर लगेच पुढच्या वर्षी अरुण खोपकरांनीही चित्रपट केला. एकाच कवीवरचे हे दोन चित्रपट एकापाठोपाठ पाहिले तर शैली म्हणजे काय ते कुठल्याही व्याख्येपेक्षा लवकर कळतं. यावरचं टिपण पुस्तिकेतलं सगळ्यात लांब आहे आणि मी ते कापलं नाही.

‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ (२०१६) वर दोनच पानं आहेत. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी महाराष्ट्रातल्या जत्रांमधल्या तंबू थिएटरांबरोबर वर्षानुवर्षं फिरून तो केला. गंजलेले ट्रक, ओढाताणीने चालणारे प्रोजेक्टर, ते दुरुस्त करणारा कारागीर, आणि मग रिळांच्या जागी आलेली हार्ड डिस्क. या चित्रपटाला कानमध्ये विशेष उल्लेख मिळाला. गावच्या यात्रेत तंबूत सिनेमा पाहिलेल्यांनी हा चित्रपट पाहावा, एवढंच सांगतो.

व्यक्तिगत शैलीत एक धोका आहे आणि तो आता वाढला आहे. हातात फोन आल्यापासून स्वतःविषयी बोलणं फुकट झालं. स्वतःचा चेहरा, स्वतःचा सूर, पार्श्वभूमीला वाद्यसंगीत, आणि मिनिटभरात भावना. मेकासने आयुष्यभर स्वतःची रोजनिशी चित्रित केली, तरी तिच्यात तो क्वचित दिसतो. दिसतात ती त्याची माणसं. पटवर्धनांच्या घरगुती चित्रपटातही मुलगा बहुधा आवाजापुरता आहे. ‘मी’ असणं म्हणजे सतत दिसणं, ही आजची समजूत या चित्रपटांनी खोटी ठरवली आहे. चित्रण करणाऱ्याचा ‘मी’ तो कुठे उभा राहतो, कुणाचं बोलणं न तोडता ऐकतो आणि कधी कॅमेरा बंद करतो, यात असतो. मातेलिसच्या रुग्णालयात जे टिपलं गेलं नाही त्याचाही चित्रपटात वाटा आहे.

आणि आता आपलं गाव. बाहेरच्यांसाठी टिटवाळा म्हणजे महागणपती आणि अंगारकीची गर्दी. लोकलने कसाऱ्याकडे जाणाऱ्यांसाठी आंबिवली आणि खडवलीच्या मधलं स्टेशन. इथे राहणाऱ्यांसाठी ते काळू नदी आहे, पावसाळ्यात तिचं घरात येणारं पाणी आहे, पहाटेच्या गाडीत बसायला जागा मिळवण्याची धडपड आहे. शेजारी मोहोन्यातली एनआरसी, रेयॉनची मोठी कंपनी, २००९ मध्ये बंद पडली. तिथे उमेद घालवलेले कामगार आता साठी-सत्तरीत आहेत. त्यांच्या पाळ्या, वसाहतीतले गणपती, संप, सुताच्या खात्यातला वास, हे आज त्यांच्या तोंडून ऐकता येतं. लालबाग-परळचं चित्रण पुष्कळ झालं. गिरणगाव मोडल्यावर माणसं जिथे येऊन राहिली त्या टिटवाळा, बदलापूर, आसनगावचं कुणी केलेलं नाही, किंवा फार थोडं केलं आहे. त्यासाठी बाहेरून कुणी यायची वाट पाहू नये, असं मला मनापासून वाटतं. ही पुस्तिका काढण्यामागचं माझं कारण तेच आहे.

म्हणून वाचकांना काही विनंत्या. घरी लग्नाच्या, बारशाच्या, सत्यनारायणाच्या व्हीएचएस कॅसेट असतील तर त्या फेकू नका. दमट हवेत फितीला बुरशी धरते, तेव्हा त्या कोरड्या जागी उभ्या ठेवा आणि शक्य तितक्या लवकर त्यांची डिजिटल प्रत करून घ्या. कॅसेटवर वर्ष, जागा आणि दिसणाऱ्या माणसांची नावं लिहा. नावं सांगू शकणारं माणूस घरात आहे तोवरच हे काम होतं. फोनवर आजीआजोबांचं बोलणं टिपणार असाल तर त्यांना आधी विचारा, नंतर ते त्यांना दाखवा, आणि नको म्हणाले तर पुसून टाका. प्रश्न विचारल्यावर गप्प राहायला शिका. मागे कुकरची शिट्टी किंवा गाडीचा भोंगा आला तर येऊ द्या, त्यावर संगीत चढवू नका. मूळ चित्रण न कापता दोन ठिकाणी जपून ठेवा. पुस्तिकेच्या शेवटी काही पानं कोरी सोडली आहेत. ती या नोंदींसाठी आहेत : तारीख, कोण बोललं, कुठे बसून, कुणी टिपलं.